जनान्तिक

मराठीच्या वर्गात काही संज्ञा केवळ परीक्षेपुरत्या जिवंत असतात. 'जनान्तिक' ही त्यांपैकी एक. संस्कृत नाटकाचे संकेत शिकवताना स्वगत, अपवारित, जनान्तिक, आकाशभाषित अशी चार नावे फळ्यावर लिहायची, प्रत्येकाखाली दोन ओळींची व्याख्या द्यायची, आणि विद्यार्थ्यांनी ती वहीत उतरवून पाच गुणांच्या टीपेत आम्हाला परत करायची, असा हा व्यवहार वर्षानुवर्षे चालत आला आहे. हे लिहिणारे आम्ही दोघेही सोलापुरात मराठी शिकवतो. सोलापूरची महाविद्यालये शिवाजी विद्यापीठाला जोडलेली होती त्या काळात, म्हणजे २००४ साली सोलापूर विद्यापीठ स्थापन होण्यापूर्वी, आम्ही एम. ए. झालो. त्या वेळी आम्हीही ही व्याख्या अशीच पाठ केली होती.

व्याख्या तशी सोपी आहे. स्वगत म्हणजे पात्राचे स्वतःशी बोलणे. रंगमंचावर चारचौघे असताना त्यांतल्या एकाशीच बोलायचे आणि उरलेल्यांनी ते ऐकलेले नाही असे सर्वांनी धरून चालायचे, हे जनान्तिक. त्यासाठी नटाने हाताची त्रिपताक मुद्रा करायची: अनामिका वाकवलेली, बाकीची बोटे सरळ. तो हात मध्ये धरला की पलीकडच्या पात्राला ऐकू येत नाही, असा नट आणि प्रेक्षक यांच्यातला करार. अपवारितात पाठ फिरवून गुपित सांगायचे. आकाशभाषितात रंगमंचावर नसलेल्या पात्राशी बोलायचे आणि 'काय म्हणतोस?' असे विचारून त्याचे उत्तरही आपणच उच्चारायचे. शाकुंतलाच्या पहिल्या अंकात दुष्यंत समोर असताना सख्या आपसांत कुजबुजतात, ते जनान्तिक. राजा तीन हातांवर बसलेला असतो आणि त्याला काही ऐकू येत नाही. आजच्या विद्यार्थ्याला हे हमखास हास्यास्पद वाटते.

दोन-तीन वर्षांपूर्वी मात्र हा भाग शिकवत असताना मागच्या बाकावरून एक विद्यार्थी म्हणाला, "सर, हे तर पर्सनलला बोलणं झालं." वर्ग हसला, हसण्यात ओळख होती. आम्ही तास पुढे नेण्याऐवजी त्यालाच बोलू दिले. त्याने सांगितले ते असे: मोबाइलवरच्या खेळात शंभर जण एका बेटावर विमानातून उतरतात. चौघांचा एक गट असतो. गटातले एकमेकांशी मोठ्याने बोलतात, शत्रू कुठे आहे ते सांगतात. आणि हे चालू असताना त्या चौघांपैकी एखाद्यालाच, किंवा मागे कधी बरोबर खेळलेल्या दुसऱ्या कोणाला, वेगळा मजकूर पाठवता येतो. तो इतरांना दिसत नाही. सगळे एकाच रंगमंचावर असतात, पण दोघांचे वेगळे चाललेले असते. त्रिपताकाची जागा अंगठ्याने घेतली, एवढाच काय तो फरक.

पुढच्या काही महिन्यांत आम्ही या विषयावर विद्यार्थ्यांशी बरेच बोललो. येथे जे त्यांचे म्हणून सांगतो आहोत ते त्यांच्या संमतीने, नावे गाळून. आम्हा दोघांनाही हे खेळ खेळता येत नाहीत, म्हणून ऐकण्याचे काम तेवढे आमच्याकडे आले. अर्थात आमची पिढी यातून अगदी मोकळी आहे असेही नाही. २०१६ साली नवी मुंबईतल्या एका कंपनीने काढलेला 'लुडो किंग' हा सोंगट्यांचा खेळ २०२० च्या टाळेबंदीत घरोघरी खेळला गेला. सोंगटी मारली की समोरच्याला रडका चेहरा पाठवणारे प्राध्यापक आमच्या स्टाफरूममध्येही आहेत.

खेळातल्या या खासगी बोलण्याचा इतिहास आम्हाला वाटला होता त्याहून जुना निघाला. इंग्लंडमधील एसेक्स विद्यापीठात १९७८ साली रॉय ट्रबशॉ या विद्यार्थ्याने, आणि पुढे त्याच्याबरोबर रिचर्ड बार्टल याने, अनेकांनी एकाच वेळी खेळायचा एक संगणकीय खेळ रचला. त्यात चित्रे नव्हतीच. सारे जग शब्दांचे होते. तुम्ही एका अरुंद वाटेवर उभे आहात, असे वाक्य पडद्यावर उमटायचे आणि पुढची कृती तुम्ही शब्दांत लिहायची. साहित्याच्या विद्यार्थ्याने लक्षात ठेवावी अशी ही गोष्ट आहे. आज बंदुका आणि स्फोटांनी भरलेल्या या खेळांचा एक पूर्वज निव्वळ वर्णनपर गद्य होता. पुढे अशा खेळांत एकाशीच बोलण्याची आज्ञा रूढ झाली. कुठे तिला 'टेल' म्हणत, कुठे 'व्हिस्पर'. सांगणे आणि कुजबुजणे. आमच्या विद्यार्थ्यांनी यांतला एकही शब्द घेतला नाही. ते म्हणतात, 'पर्सनलला ये'.

हा शब्द आम्हाला फार अर्थपूर्ण वाटतो. 'पर्सनल'च्या मुळाशी लॅटिनमधला 'पर्सोना' आहे, आणि पर्सोना म्हणजे नटाचा मुखवटा. खासगी असे आपण ज्याला म्हणतो त्या शब्दाच्या पोटातच मुखवटा दडलेला आहे. खेळात 'पर्सनलला' येणारा माणूस खरे नाव घेऊन येत नाही. वाघ, सिंह, किलर, राजे अशी काहीतरी भर घातलेले नाव आणि एक चिलखत घातलेली आकृती, एवढाच त्याचा परिचय. मग या मुखवट्याआडून माणसे एकमेकांशी बोलतात तरी काय?

या प्रश्नाकडे येण्यापूर्वी एका जुन्या खेळाची आठवण करून द्यायला हवी. टपालाने बुद्धिबळ खेळणारी माणसे जगभर होती. एक खेळी लिहून कार्ड टाकायचे आणि उत्तराची वाट बघायची. एकेक डाव महिनोन्‌महिने, कधी वर्षानुवर्षे चाले. वेगवेगळ्या भाषांच्या खेळाडूंची अडचण होऊ नये म्हणून आंतरराष्ट्रीय सामन्यांत खेळी आकड्यांत लिहीत: राजापुढचे प्यादे दोन घरे सरकवले की ५२५४. चार आकड्यांत सारे काही आले. तरीही कार्डावर जागा उरायची आणि त्या जागेत माणसे हवापाण्याची एखादी ओळ लिहायची. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेच्या टपाल-तपासनिसांनी परदेशी जाणाऱ्या अशा कार्डांवर बंदी घातली, कारण आकड्यांत गुप्त संदेश असतील अशी शंका त्यांना होती. खेळाच्या आडून दुसरे काही बोलले जात असेल हा संशय म्हणजे काही आजचा नव्हे.

आमच्या दोघांत येथे मतभेद आहे, तो नोंदवून पुढे जातो. एकाच्या मते खेळातला खासगी मजकूर हा पत्रमैत्रीचाच वारस आहे. मासिकांत छापलेल्या पत्त्यांवर अनोळखी मुलामुलींनी लिहिलेली पत्रे आमच्या लहानपणी पाहिलेली आहेत. अनोळखीपणाचे आकर्षण तेच, सावधपणा तोच. दुसऱ्याचे म्हणणे असे की पत्र लिहिताना माणूस एकटा असतो, समोर कोरा कागद असतो आणि मन जुळवायला वेळ असतो. खेळातला मजकूर धावता धावता, गोळी चुकवता चुकवता लिहिला जातो. त्यात आत्मचिंतनाला जागा नाही. तो पत्राच्या कुळातला नाही, नाट्यसंवादाच्या कुळातला आहे. शेवटी आम्ही एवढ्यावर आलो की दोहोंत एक गोष्ट समान आहे: बोलण्यासाठी सबब लागते, आणि ती येथे खेळ पुरवतो. दोन अनोळखी माणसांनी कारणाशिवाय बोलायला सुरुवात करणे आपल्याकडे अवघडच असते. 'उजवीकडून ये' हे कारण असले की पुढचे आपोआप येते.

हे पुढचे कसे येते त्याचे एक उदाहरण सोलापूरच्या पूर्व भागातले आहे. बाहेरच्या वाचकांसाठी सांगायला हवे की आमच्या शहराच्या या भागात तेलुगू बोलणारी पद्मशाली वस्ती मोठी आहे. विणकामाच्या निमित्ताने आजच्या तेलंगणातून ही कुटुंबे पिढ्यांपूर्वी येथे आली. पुरुष मागावर आणि बायका विड्या वळण्यावर, अशी अनेक घरांची मिळकत राहिली. मुले बहुधा मराठी शाळांत शिकली. त्यांतलाच आमचा एक विद्यार्थी. घरात तेलुगू ऐकतो, थोडी बोलतो, पण लिपी त्याला येत नाही. २०२० साली, अकरावीत असताना, खेळात त्याची गाठ वरंगळच्या एका मुलाशी पडली. सुरुवातीला हिंदी चालले. एकदा समोरच्याने चुकून की सहज, रोमन अक्षरांत लिहिले, 'तिन्नावा?' म्हणजे 'जेवलास का?'

विद्यार्थी आम्हाला म्हणाला, "हा शब्द मी फक्त आजीच्या तोंडून ऐकला होता. लिहिलेला कधी बघितला नव्हता." त्यानंतर त्या दोघांचे खासगी बोलणे तेलुगूतच होऊ लागले. गटाशी हिंदी, वर्गात मराठी, पर्सनलला तेलुगू. चुकले की तो मुलगा हसायचा आणि दुरुस्त करायचा. सोलापुरी तेलुगूत मराठीचे किती शब्द मिसळले आहेत ते याला तेव्हा प्रथम कळले. भाषाविज्ञानाच्या पेपरात आम्ही भाषासंपर्क शिकवतो, त्याची कोष्टके देतो. या मुलाने तो विषय एका बेटावर, झाडामागे दडून बसलेला असताना शिकला. लिपी न येणाऱ्याला त्याची मातृभाषा प्रथमच लिखित रूपात भेटली ती अशा जनान्तिकात. आम्हाला हा प्रसंग साहित्यव्यवहाराच्या फार जवळचा वाटतो.

दुसरे उदाहरण एका मुलीचे आहे. ती मुलाच्या नावाने खेळते. का, असे विचारल्यावर तिने दिलेले उत्तर तोकडे होते: "मुलगी आहे म्हटलं की खेळ थांबतो, मॅडम." म्हणजे काय, ते तिने नंतर उलगडून सांगितले. गटात आवाज ऐकू आला किंवा नाव मुलीचे दिसले, की पर्सनलला मजकूर येऊ लागतात. आधी कौतुक, मग गाव, मग नंबर. काही घाणेरडे असतात; बहुतेक नुसतेच चिकट असतात. तिला खेळायचे असते आणि समोरच्याला बोलायचे असते. म्हणून ती ध्वनिक्षेपक बंद ठेवते आणि लिहूनच बोलते. "पण सर, मराठीत लिहिणं अवघड जातं. 'आलो' लिहायचं लक्षात ठेवावं लागतं."

या एका वाक्याने आम्हाला बराच काळ विचारात पाडले. इंग्रजीत 'मी आलो' आणि 'मी आले' यांत फरक नाही. मराठीत क्रियापदच बोलणाऱ्याचे लिंग सांगून टाकते, हिंदीतही तसेच. आपल्या भाषेत प्रथमपुरुषी एकवचनात, भूतकाळात, मुखवटा टिकवणे हे व्याकरणाचे काम आहे. घाईत एक मात्रा किंवा एक काना चुकला की सोंग उघडे पडते. गंमत म्हणजे तिच्या तेलुगूभाषक मैत्रिणीला ही अडचण येत नाही. तेलुगूत 'वच्चानु' म्हणजे मी आलो आणि मी आले, दोन्ही. कन्नडमध्येही प्रथमपुरुषात हा भेद नाही. सोलापुरातल्या तीन भाषांपैकी दोन भाषांत मुलगी खोटे न बोलता आपले मुलगीपण राखून ठेवू शकते. मराठीत मात्र तिला पुल्लिंगी व्हावे लागते. स्त्रीपार्टी नटांची थोर परंपरा सांगणाऱ्या आपल्या रंगभूमीच्या इतिहासात, पुरुषपात्र होऊन रोज संध्याकाळी अर्धा तास वावरणाऱ्या या मुलींसाठी अजून संज्ञा नाही.

येथे नैतिक प्रश्न उभा राहतो. ही मुलगी खोटे बोलते का? वरंगळचा मुलगा तरी खरेच वरंगळचा होता का? मुखवट्याआडून बोलणे म्हणजे फसवणूक, असे मानले तर दोघांनाही एकाच पारड्यात टाकावे लागेल, आणि ज्याच्या भीतीने मुलगी 'आलो' लिहिते त्यालाही त्याच पारड्यात. हे आम्हाला पटत नव्हते, पण फरक नेमका कुठे करायचा तेही सांगता येत नव्हते.

ऑक्टोबर २०२५ मध्ये मुंबईत राज्य पोलीस मुख्यालयात सायबर जागृती महिन्याचे उद्घाटन झाले. त्या कार्यक्रमात अभिनेते अक्षयकुमार यांनी आपल्या तेरा वर्षांच्या मुलीचा अनुभव सांगितला. ती अनोळखी माणसाबरोबर ऑनलाइन खेळत होती. समोरून येणारे मजकूर आरंभी सभ्य होते: छान खेळलीस, आभार, कुठून खेळतेस. मग प्रश्न आला, मुलगा की मुलगी? उत्तर दिल्यावर काही वेळाने थेट नग्न छायाचित्रांची मागणी झाली. मुलीने सारे बंद केले आणि जाऊन आईला सांगितले. सातवी ते दहावीच्या वर्गांना दर आठवड्याला सायबर विषयाचा एक तास असावा, अशी विनंती त्यांनी मुख्यमंत्र्यांना त्याच व्यासपीठावरून केली.

वर्तमानपत्रांत ही हकिकत सावधगिरीचा धडा म्हणून आली, आणि ते योग्यच होते. आम्ही ती आमच्या सवयीने, एक संहिता म्हणून वाचली. पहिले काही मजकूर पात्राला उद्देशून आहेत: छान खेळलीस. 'कुठून खेळतेस' येथे बोलणारा पात्राला ओलांडून खेळणाऱ्याकडे वळतो. 'मुलगा की मुलगी' येथे मुखवट्याला हात घातला जातो. आणि शेवटची मागणी तर मुखवटा, वस्त्र, सगळेच उतरवण्याची आहे. या साऱ्या वेळात बोलणाऱ्याचा स्वतःचा मुखवटा मात्र जागच्या जागी आहे. तो कोण, कुठला, केवढा, काही कळत नाही.

आम्हाला हवा होता तो फरक येथे सापडला. मैत्रीतही मुखवटे उतरतात. वरंगळच्या मुलाने 'तिन्नावा' विचारले तेव्हा तोही पात्राला ओलांडून माणसाकडे वळला होता. पण त्याने आधी आपली भाषा उघडी केली होती. दोघे पायरीपायरीने, एकाने एक सांगावे मग दुसऱ्याने एक, असे उतरले. शिकार करणारा समोरच्याला उतरायला लावतो आणि स्वतः वरच थांबतो. आणि ती मुलगी? तिने मुखवटा घातला आहे, पण ती दुसऱ्या कोणाचा उतरवायला जात नाही. तेव्हा मुखवटा आहे की नाही यापेक्षा तो कोण कोणाला उतरवायला सांगतो आहे, आणि बदल्यात स्वतःचे काय पुढे ठेवतो आहे, हे बघायला हवे. 'अनोळखी माणसाशी बोलू नये' हा उपदेश आमच्या आईवडिलांनी आम्हाला केला आणि तो तेव्हा पुरेसा होता. आज ज्या मुलाचा खेळच अनोळखी नव्व्याण्णव जणांशी आहे त्याला हा उपदेश एक तर निरर्थक वाटतो किंवा तो खेळ लपवायला शिकवतो. त्या तेरा वर्षांच्या मुलीने उठून आईला सांगितले, कारण तिच्या घरी खेळ लपवावा लागत नव्हता, असे आम्हाला वाटते.

जनान्तिकाच्या व्याख्येतला आणखी एक भाग विद्यार्थी सहसा विसरतात. इतर पात्रांना ऐकू येत नाही, पण प्रेक्षकाला येते. किंबहुना प्रेक्षकाने ऐकावे म्हणूनच ते बोलले जाते. खेळातल्या खासगी मजकुरालाही असा प्रेक्षक आहे. तो मजकूर आधी खेळ चालवणाऱ्या कंपनीच्या संगणकावर जातो आणि मग समोरच्याकडे. कुठे तो तपासला जातो, कुठे साठवला जातो, तक्रार झाली तर मागवला जातो. दोघांतच बोलतो आहोत असे वाटणे हा येथेही एक नाट्यसंकेतच आहे. १९३० या क्रमांकावर किंवा पोलिसांकडे तक्रार करताना हा प्रेक्षक उपयोगी पडू शकतो, हे मुलांना सांगायला हवे. तोच प्रेक्षक आपली सुखदुःखेही वाचू शकतो, हेही सांगायला हवे.

पण साठवलेल्या शब्दांची एक हळवी बाजूही आहे. नॉर्वेमधील मॅट्स स्टीन या तरुणाचा स्नायूंच्या असाध्य आजाराने नोव्हेंबर २०१४ मध्ये, पंचविसाव्या वर्षी मृत्यू झाला. मुलाचे आयुष्य चाकाच्या खुर्चीत आणि पडद्यासमोर एकाकी गेले, असे आईवडिलांना वाटत होते. त्याने आपल्या ब्लॉगचा पासवर्ड मागे ठेवला होता. वडिलांनी त्यावर मृत्यूची बातमी लिहिली आणि निरनिराळ्या देशांतून पत्रे येऊ लागली. 'वर्ल्ड ऑफ वॉरक्राफ्ट' या खेळात तो 'इबेलिन' नावाने वावरत असे. तेथे त्याने कोणाचे दुःख ऐकून घेतले होते, कोणा आईला तिच्या मुलाशी बोलण्याचा मार्ग सुचवला होता. त्याच्या गटाने जपून ठेवलेल्या हजारो पानांच्या संभाषणांतून बेंजामिन री यांनी २०२४ साली त्याच्यावर माहितीपट केला. संभाषणे त्यात जशी लिहिली गेली तशीच पात्रांच्या तोंडी आली आहेत. सुनीताबाई देशपांडे यांनी जी. ए. कुलकर्णी यांना लिहिलेली पत्रे 'प्रिय जी. ए.' या पुस्तकात आली, तेव्हा खासगी शब्द सर्वांचे झाले. त्याच जातीची ही घटना आहे. फरक असा की येथे लिहिणाऱ्याला आपण साहित्य लिहितो आहोत याची पुसटशीही कल्पना नव्हती.

आमच्या पूर्व भागातल्या विद्यार्थ्याच्या वाट्याला यातले काही आले नाही. २ सप्टेंबर २०२० रोजी केंद्र सरकारने ११८ मोबाइल अॅप्सवर बंदी घातली, त्यांत 'पबजी मोबाइल'ही होता. सीमेवरचा तणाव आणि माहितीची सुरक्षितता ही त्यामागची पार्श्वभूमी होती. निर्णयाच्या योग्यायोग्यतेत आम्हाला शिरायचे नाही. ज्यांच्या मोबाइलवर खेळ आधीपासून होता त्यांचा तो पुढे जवळजवळ दोन महिने चालू राहिला आणि ३० ऑक्टोबरला भारतातली सेवा पूर्ण थांबली. त्या दोन महिन्यांत मुलांनी एकमेकांचे फोन नंबर घेतले. वरंगळच्या मुलाचा नंबर मात्र राहिला. तो सप्टेंबरअखेरपासून खेळात आला नव्हता. त्याचा शेवटचा मजकूर होता: 'नान्नकु बागालेदु.' बाबांना बरे नाही.

ते करोनाचे दिवस होते. त्या वाक्याचा अर्थ त्या दिवसांत काय होत असे, ते सांगायला नको. विद्यार्थी रोज खेळ उघडून नावापुढचा दिवा लागला आहे का ते बघत राहिला. ३० ऑक्टोबरनंतर बघायचीही सोय उरली नाही. त्याला त्या मुलाचे खरे नाव माहीत नव्हते. वरंगळमधली गल्ली माहीत नव्हती. आजारी वडील काय करतात तेही माहीत नव्हते; फक्त ते संध्याकाळी सातला घरी येत आणि मग मुलाला खेळ बंद करावा लागे, एवढे माहीत होते. जुलै २०२१ मध्ये त्याच खेळाची भारतासाठीची आवृत्ती आली तेव्हा याने त्या नावाशी मिळत्याजुळत्या प्रत्येक नावाला मैत्रीची विनंती पाठवली आणि खाली तेलुगूत एकच ओळ लिहिली, बाबा कसे आहेत? कोणी उत्तर दिले नाही, कोणी 'कौन भाई?' असे विचारले. मागे २०२२ मध्ये ती आवृत्तीही काढली गेली, २०२३ मध्ये परत आली. परत आल्यावर याने पुन्हा तसेच केले.

आकाशभाषिताची व्याख्या आम्ही त्याच वर्गात दिली होती: रंगमंचावर नसलेल्या पात्राशी केलेले भाषण. या मुलाने ती टीपेत अचूक लिहिली, आणि उदाहरण म्हणून आम्ही सांगितलेल्या नाटकाचेच नाव दिले. स्वतःचे दिले नाही. त्याच्याशी बोलताना आमच्या लक्षात आले की शोक करण्याचाही त्याला अधिकार वाटत नव्हता. ज्याचे नाव ठाऊक नाही, ज्याला पाहिले नाही, ज्याच्या घरी खरोखर काही वाईट घडले की सारे सुखरूप आहेत हेही ठाऊक नाही, त्याच्याबद्दल घरी काय सांगायचे? 'खेळातला पोरगा' एवढेच सांगता येई, आणि ते ऐकून कोणी जेवण थांबवत नाही. आपल्या समाजात शोकाला नाते लागते. मित्र म्हटला तर गाव लागते, आडनाव लागते. यांतले काहीच नसलेल्या माणसाने 'जेवलास का' विचारले होते, ही गोष्ट आपल्या नात्यांच्या शब्दकोशात अजून कुठेच बसत नाही.

सायबर विषयाचा तास शाळांत यावा, त्यात कायदा, तक्रारीचे मार्ग, खाते सुरक्षित ठेवण्याचे उपाय शिकवले जावेत. आम्हाला त्यात भर घालावीशी वाटते ती आमच्या विषयाची. बोलतो कोण, ऐकतो कोण, ऐकू येत नाही असे कोणी धरून चालायचे, आणि कोणाला ते ऐकू जाते. या वाक्यात पात्र संपून माणूस कुठे सुरू होतो. संबोधन कुठे बदलले आणि का बदलले. हे प्रश्न आम्ही भरत-धनंजयापासून विचारत आलो आहोत. मुलांच्या हातातल्या पडद्यावर त्यांची उत्तरे दर संध्याकाळी नव्याने लिहिली जात आहेत, कधी 'आलो'च्या एका मात्रेत, कधी अचानक आलेल्या 'मुलगा की मुलगी'त. या वर्षी अंतर्गत परीक्षेत जनान्तिकावर टीप विचारताना आम्ही खाली एक ओळ जोडली आहे: 'उदाहरण स्वतःच्या अनुभवातले असल्यास चालेल, नावे लिहू नयेत.'